कूळ

वेंगुर्ल्याच्या बंदराकडे, बर्फाच्या कारखान्याला लागून
आठ महिने टॉकीजचा तंबू असायचा.
पावसाळ्यात तो गोदामात, बाबा काजू फोडायला.
एरवी झिलू मोचेमाडकर, ऑपरेटर.
मी रिळं उलटी गुंडाळायची. वय वर्षं अकरा.

इंग्रजी चित्रं सोमवारी, गिऱ्हाईक कमी म्हणून.
पेट्या बेळगावहून एसटीच्या टपावर, आंबोलीचा घाट उतरून.
कुठलं आधी, कुठलं नंतर, काही धरबंध नाही.
म्हणून ऑर्विल टेनंट आम्हाला आधी म्हातारा भेटला:
रंगीत, संथ, एका विधुराच्या स्वयंपाकघरात दोन तास.
महिन्याने तोच तरणा, काळापांढरा,
घोड्याच्या पोटाखाली कॅमेरा बांधून धुळीतून सुटलेला.
मग पाणबुडीचं. मग भुताचं.
मग नाचाचं, ज्यात जमीन काचेची
आणि आपण तळव्यांच्या खाली.

बाबांनी पाटीवरचं नाव अक्षर अक्षर लावलं,
पोस्टातल्या आजगावकरांना अर्थ विचारून आले.
"टेनंट म्हणजे कूळ गो.
भाट दुसऱ्याचा, घाम तेचो."
आमच्या घरात हा शब्द समजावून सांगावा लागत नसे.
यंदा नाचणी म्हटलं की नाचणी,
यंदा चवळी म्हटलं की चवळी.
कंपनीने सांगितलं, घोडे पेर.
पेरले.

एका रिळात जोडच नव्हता.
मी हाताने फिरवत होते, बोटांच्या पेरांना
चिकटपट्टीचा खरखरीतपणा लागेल म्हणून वाट बघत.
हजार फूट. एक बाई जिना उतरते, बाजार ओलांडते,
होडीत बसते, होडी सुटते, आणि कात्री कुठेच नाही.
बाबांना हाक मारली. त्यांनी फिल्म कंदिलापासून लांब
दिवसाच्या उजेडात धरली,
रापणीचा दोर ओढावा तशी वावेवावेने ओढत राहिले.
त्या दिवशी जेवले नाहीत.

मी बसायचे पडद्यामागे, चार आण्यांत.
वाऱ्याने पडदा फुगला की नायकाचे गाल फुगत,
सगळे बंदूकवाले डावखुरे.
माझा टेनंट अजूनही डाव्या हाताने कॅमेरा फिरवतो.

पुढे बाबांनी आणखी एक शोधलं.
प्रत्येक चित्रात, कुठेतरी, चारपाच सेकंद
कुणाच्याच कामाचे नसलेले.
सैनिक किनाऱ्यावर उतरतात, गोळ्या,
आणि मध्येच एक कुर्ली आपलं बीळ उकरतेय.
भुताच्या वाड्याबाहेर दोरीवर शर्ट, ओल्या बाह्यांचा.
कंपनीने मागितलं नसणार.
"ह्यो बघ तेचो माड," बाबा म्हणत.
कूळ लावतंच एक, बांधाच्या कडेला,
भाटकाराच्या मोजणीत न येणारा.
आजोबांनी लावलेला मोचेमाडच्या खाडीवर आहे.
कायदा आला, जमीन काही आली नाही. माड आहे.

विधुराच्या त्या चित्रात मात्र बाबांना तो सापडेना.
पेटी परत जायच्या आदल्या रात्री पुन्हा लावलं,
तंबू रिकामा, मी आणि एक कुत्रं.
म्हातारा कांदा चिरतो. चहा गाळतो. खिडकी पुसतो.
तिसऱ्या रिळाला बाबा हसायला लागले.
काय झालं विचारलं, तर म्हणाले, "सगळोच."

टॉकीज गेली. आता तिथे मासळीचे ट्रक धुतात.
मालक गेले, बाबा गेले, टेनंटचं काय झालं
मला ठाऊक नाही.

पण एक राहिलंच सांगायचं.
शेवटची पाटी सरली, फिल्म फिरकीतून सुटून
टपटप वाजू लागली, तरी बाबा दिवा लगेच विझवत नसत.
दोन श्वास नुसता पांढरा उजेड,
त्यात बंदरावरचे किडे, एखादा वाळूचा कण,
उठणाऱ्या माणसांची डोकी.
कार्बन महाग. मालक खालून ओरडायचे,
"कार्बन काय तुझो बापूस देतलो?"

बाबा ऐकू न आल्यासारखं करत.